मानेला विचारावं

भिंगरीनं आजोबांच्या मानेवरच्या काळ्या खपलीत नख रुतवलं आणि आजोबा हसले. एवढंच झालं. बुधवारची सकाळ होती, मी चहाचं पातेलं उतरवत होते, आणि सासरे तिला खांद्यावर घेऊन खिडकीतून समोरच्या छपरावरची कबुतरं दाखवत होते. नऊ महिन्यांच्या मुलीची नखं म्हणजे कागदाच्या कडा. परवाच तिनं माझा ओठ असा ओरबाडला होता की जेवताना दिवसभर झोंबत होता. तीच नखं त्या खपलीच्या कडेला लागली, नुसती लागली नाहीत, आत गेली, आणि ती कडा जराशी उचलली. दुसऱ्याला लागलं की आपण करतो तसे मी आधीच डोळे बारीक करून घेतले. पण सासरे “काय गं, बटण वाटलं का तुला?” असं म्हणून पुन्हा कबुतरांकडे वळले. पातेलं माझ्या हातून पडलं वगैरे नाही. मी चहा गाळला, दोन्ही कपांत सारखा. फक्त गाळताना, जिना उतरताना अजून एक पायरी आहे समजून पाय टाकावा आणि ती नसावी, तसं आत काहीतरी झालं.

दुखतंय का? आमच्या माहेरी सगळं वैद्यक या दोन शब्दांत होतं. आईला काही दाखवायला गेलं की ती हातातलं काम न सोडता विचारायची, दुखतंय का? नाही ना? मग जा, खेळ. दुखत असेल तर ती लगेच हात पुसायची, उचलून घ्यायची, रात्रभर बसायची. त्यामुळे लहानपणापासून मी अंगावरचं निळंकाळं दाबून बघत आले. दुखलं की हुश्श वाटायचं, म्हणजे हे खरं आहे, हे दाखवता येईल. पुढे कॉलेजात सूक्ष्मजीवशास्त्राच्या तीन वर्षांत कितीतरी रोग पाठ केले, पण आतली परीक्षा तीच राहिली. आणि भिंगरी झाल्यावर तर ती परीक्षा बिनकामाची ठरली, कारण तान्ह्या पोराला दुखतंय का हे विचारताच येत नाही. ते सगळ्यालाच रडतं. मग मी सगळ्यालाच घाबरायला लागले. टाळू फार उडते का, नखं निळी दिसतात का, झोपेत श्वास मोजताना मध्येच एक कमी पडला का. माझा नवरा बस चालवतो. पहाटे निघताना बूट घालता घालता विचारायचा, “बोला हवामान खातं, आज काय अंदाज?” आणि सासरे खालून ओरडायचे, “तुरळक सरी, छत्री घेऊन जा रे!” मीही हसायचे. हसणं स्वस्त पडतं.

मग तो बिटाचा प्रकार झाला. भिंगरीच्या लंगोटात लाल दिसलं म्हणून मी भर दुपारी, पायात दोन वेगवेगळ्या चपला, डॉक्टरीणबाईंच्या दारात उभी. त्यांनी लंगोट उलगडला, वास घेतला आणि शांतपणे विचारलं, “सकाळी बीट भरवलंत का?” भरवलं होतं. त्या हसल्या नाहीत, ते जास्त लागलं. त्या संध्याकाळी नवऱ्यानं एक वही आणून माझ्यासमोर ठेवली. चेष्टा नव्हती त्यात, त्याचा आवाज थकलेला होता. “हे बघ, जे वाटेल ते यात लिही. तारीख टाक. सात दिवस थांब. सात दिवसांनी तेच वाटलं तर मी स्वतः रजा टाकून येतो डॉक्टरकडे. पण सात दिवस कुणाला काही दाखवायचं नाही.” मी कबूल केलं. आणि खरं सांगायचं तर वहीनं गुण दिला. कागदावर उतरलेली भीती दोन दिवसांत शिळी व्हायची. मला माझाच अभिमान वाटायला लागला होता. शहाण्या बाईसारखी मी एका शुक्रवारी लिहिलं: बाबांच्या मानेवर उजव्या बाजूला लाल पुळी, खाजवतात. शनिवारी: पुळी मोठी, डास म्हणतात. रविवारी: भोवती पाण्याचे बारीक फोड, सूज. सोमवारी: मधोमध खळगा, काळसर. मंगळवारी: काळं, सूज हनुवटीपर्यंत, कॉलरचं बटण लागत नाही. आणि प्रत्येक ओळीपुढे कंस करून: शुक्रवारपर्यंत थांबणे. पाच ओळी, सुवाच्य अक्षर. मी बघत होते आणि थांबत होते. थांबायला शिकले म्हणून खूश होते.

माझे सासरे खुर्च्या भरतात. जुन्या, रुंद, हातवाल्या खुर्च्या, ज्यांच्या पोटात घोड्याचे केस असतात. खाली रस्त्याच्या पातळीला त्यांचं दुकान, वर आमच्या दोन खोल्या, मध्ये लाकडी जिना. खुर्ची आली की ते आधी तिचं कापड उसवतात, मग गोणपाट, मग आतले केस गठ्ठ्यागठ्ठ्यानं काढून पिंजतात, झटकतात आणि तेच पुन्हा भरतात. नवा फोम त्यांना चालत नाही. “फोम पाच वर्षांत बसतो. केस बसत नाहीत, माणूस बसतो,” हा त्यांचा ठरलेला विनोद, गिऱ्हाईक नवं असलं की हमखास. उसवलेल्या खुर्चीच्या लाकडावर कधी पेन्सिलीची खूण सापडते, सुतळीला कधी वेगळीच गाठ, आणि मग ते साठ-सत्तर वर्षांपूर्वी ती खुर्ची भरलेल्या अनोळखी कारागिराशी बोलतात. “वा गुरुजी, गाठ काय मारलीत!” किंवा, “गुरुजी, इथे मात्र आळस केलात हं.” मला ते ऐकायला फार आवडायचं. भिंगरीला घेऊन मी दुपारी खाली जाऊन बसायचे, केस पिंजू लागायचे, तेही त्यासाठीच. केस नीट कोरडे आहेत की आत ओल राहिली आहे, हे ते हातानं बघत नाहीत. मूठभर केस उचलतात आणि मानेला लावतात, कानाच्या खाली, उजवीकडे, आणि क्षणभर डोळे मिटतात. “हाताला विचारू नये सूनबाई. चाळीस वर्षं सुया टोचून हात बधिर झालाय, तो गोड बोलतो. मानेला विचारावं. मान खोटं बोलत नाही.”

चहा त्यांच्यासमोर ठेवला आणि मी भिंगरीला त्यांच्याकडून घेतलं. तिचं ते बोट साबणानं धुतलं, पुन्हा धुतलं. नवरा त्या दिवशी दुपारच्या पाळीला होता, अजून पांघरुणातच होता. मी म्हटलं, “बाबा, आज डॉक्टरीणबाईंकडे जाऊ या.” ते म्हणाले, “भिंगरीला काय झालं?” “तिला नाही. तुम्हाला.” “मला? हे?” त्यांनी मानेवर चापट मारली, खरोखरची चापट, आवाज आला. “दुखतसुद्धा नाही गं!” “म्हणूनच,” मी म्हटलं. आतून नवऱ्याचा आवाज आला, “शुक्रवार झाला का?” तो झोपेतही वार मोजत होता बिचारा. मी उंबऱ्यात जाऊन उभी राहिले. माझा आवाज चढेल, रडू येईल असं मला वाटलं होतं, त्याचीच मला सवय होती. तसं काही झालं नाही. मी त्याला सांगितलं की भिंगरीनं तिथे नख घातलं आणि त्यांना कळलं नाही. तो उठून बसला. माझ्या तोंडाकडे बघत राहिला, मग म्हणाला, “तू घाबरलेली दिसत नाहीयेस.” “नाही.” “मग मी येतो,” तो म्हणाला आणि शर्ट शोधायला लागला.

डॉक्टरीणबाईंच्या खोलीत वजनकाट्याशेजारी मी नेहमीच्या जागी उभी राहिले आणि त्यांनी सवयीनं भिंगरीकडे हात केले. “आज हिचं नाही,” मी म्हटलं. सासरे खुर्चीवर बसले, आधी तिची गादी दाबून बघून. “फोम,” ते मला हळूच म्हणाले. डॉक्टरीणबाईंनी दिवा ओढून मानेवर घेतला. दिव्याखाली ते पहिल्यांदाच नीट दिसलं: मधोमध कोळशासारखा सुकलेला काळा भाग, भोवती पाण्याच्या फोडांचं कडं, आणि त्यापलीकडे मऊ, फिकट सूज, जबड्याची कड बुडवून टाकणारी. त्यांनी कडेला दाबलं. दुखतंय? नाही. इथे? नाही. आधी खाज होती? होती, मरणाची. ताप? कसकस वाटते थोडी, वय झालं. त्यांचा हात थांबला. “बाबा, तुम्ही काम काय करता?” इतकी वर्षं त्या आमच्या डॉक्टर, हे कधी विचारायची वेळ आली नव्हती. “खुर्च्या भरतो.” “कशानं?” “केसांनी. घोड्याच्या.” त्यांनी खणातून हातमोजे काढले आणि एकेक बोट नीट बसवत चढवले. “आणि ते केस मानेला कसे लागतात?” सासऱ्यांनी हवेतून मूठभर केस उचलले, मानेला लावले आणि डोळे मिटले. मूठ बरोब्बर त्या काळ्या डागावर येऊन बसली. माझ्या नवऱ्यानं माझा दंड धरला, बसमध्ये उतारू तोल जाताना दांडा धरतात तसा.

“काळपुळी म्हणतात याला,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या, “बहुतेक तीच. नमुना पाठवते, पण औषध आत्ताच सुरू करायचं. जनावरांचा रोग आहे.” “मग मला कसा होईल? मी काय जनावर आहे?” सासरे म्हणाले, आणि त्या हसल्या, बहुधा त्यांना हसायला ते हवंच होतं. मग त्यांनी सांगितलं, शाळेत सांगतात तसं. याचा जंतू अन्न-पाण्याची वाण पडली की मरत नाही, बी होऊन बसतो. मातीत, कातड्यात, लोकरीत, केसांत. वर्षानुवर्षं. माणसाच्या कातडीवर बारीकशी चीर मिळाली की उगवतो. माणसाकडून माणसाला सहसा जात नाही, केसांकडून येतो. वेळेवर औषध दिलं तर माणूस बरा होतो. मानेवर आहे आणि सूज वाढतेय म्हणून मात्र मोठ्या दवाखान्यात दोन-चार दिवस राहावं लागेल, श्वासावर लक्ष ठेवायला. “कधीपासून आहे?” त्यांनी विचारलं, सासरे म्हणाले झाले दोन-तीन दिवस, नवरा म्हणाला आठवडा असेल, आणि मी पिशवीतून वही काढून त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी पाच ओळी वाचल्या. पुन्हा वाचल्या. “इतकं चांगलं कुणी लिहून आणत नाही,” त्या म्हणाल्या. “पण पुढच्या वेळी थांबू नका.” मला त्या वाक्याचा आनंद व्हायला हवा होता. झालाही असता, पण लिहिता लिहिता मान वर न करता त्यांनी पुढचा प्रश्न विचारला: “त्या केसांना आणखी कुणाचा हात लागलाय? बाळाचा वगैरे?”

तेव्हा मला ती दुपार दिसली. सासऱ्यांनी केसांची मूठ आपल्या मानेला लावली होती, मग पुढे वाकून भिंगरीच्या मानेला. “सांग बरं पोरी, कोरडे का ओले?” आणि तिला गुदगुल्या झाल्या होत्या, ती मान खांद्यात घालून खिदळली होती, दोन दातांची, आणि मी मनाशी म्हटलं होतं की हे असंच राहावं. “लागलाय,” मी म्हटलं. “मानेला.” “कधी?” मी वहीकडे हात केला आणि तो अर्ध्यातच राहिला. ती दुपार वहीत नव्हती. वहीत बीट होतं, शिंका होत्या, झोपेतला श्वास होता, गॅसचा वास आल्यासारखा वाटला तो दिवस होता. ती दुपार नव्हती, कारण त्या दुपारी मी घाबरले नव्हते. सुखाचे दिवस मी कुठेच लिहून ठेवले नव्हते. “कालचं की मागचं, आठवून बघा,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या, “घाई नाही.” पण घाई होतीच, कालचं असेल तर तिच्या मानेवर अजून काही यायचं होतं.

मी भिंगरीची मान नाकाशी धरली. दुधाचा, घामाचा वास. वळीत काही नव्हतं, गोरी ओलसर रेघ फक्त. मी डोळे मिटले आणि दुकानात उतरले. जिन्याची तिसरी पायरी करकरते ती करकरली. दारातून उन्हाची पट्टी आत आली होती, खुर्चीच्या उघड्या पोटापर्यंत, म्हणजे चार वाजले असणार. भिंगरीच्या अंगात झबलं कोणतं? निळं. निळी तिला तीन आहेत. खाली का आणलं होतं तिला? वर फरशी ओली होती. फरशी कोण पुसत होतं? नवरा, त्याची सुटी होती, वरून बादलीचा आवाज येत होता आणि तो कसलंतरी गाणं बेसूर म्हणत होता. सुटी मंगळवारी. पण मंगळवार काल होता आणि आठ दिवसांपूर्वीही होता, आणि दोन्ही मंगळवारी त्यानं फरशी पुसली, गुणी आहे तो. खुर्ची तीच, उन्हाची पट्टी तीच. मी तिथेच उभी राहिले, घाबरायचं नाकारून, आणि बघत राहिले. सासरे केस उचलतात. पिंजलेल्या केसांतून धूळ उठते, उन्हात सोनेरी दिसते, ती मला तेव्हा सुंदर वाटली होती. ते मान डावीकडे झुकवतात, उजवी मान ताणली जाते, ते मूठ लावतात, डोळे मिटतात, काढतात. मान. कॉलरचं बटण लावलेलं आहे. मूठ काढल्यावर तिथे सुरकुत्या आहेत, दाढीचा एक राहिलेला पांढरा केस आहे, आणि काही नाही. लाल नाही, फोड नाही, काळं नाही. म्हातारी, स्वच्छ मान. “मागचा मंगळवार,” मी डोळे उघडून म्हटलं. “खुर्ची उसवली तो पहिला दिवस. त्याला आज आठ दिवस झाले.” “नक्की?” “त्यांच्या मानेवर काही नव्हतं. मी बघितलंय.” डॉक्टरीणबाईंनी भिंगरीची मान तपासली, कानामागे, वळ्यांत, मुठी उघडून बोटांच्या मध्ये. “आठ दिवस चांगले आहेत,” त्या म्हणाल्या. “पुरे नाहीत, पण चांगले आहेत.”

पुढच्या गोष्टी शांतपणे आणि रांगेत झाल्या. दवाखान्यात सासऱ्यांना पलंग मिळाला, हाताला सुई लागली, आणि त्यांनी सुईकडे बघून परिचारिकेला सांगितलं की टाका जरा वाकडा पडलाय. तिसऱ्या दिवशी नमुन्याचं उत्तर आलं, तीच होती. आरोग्य खात्याची माणसं तोंड-नाक झाकून आली, खुर्ची, गठ्ठे, झाडू, गोणपाट सगळं जाड पिशव्यांत बांधून घेऊन गेली आणि दुकानाला कागद चिकटवला. मी केस पिंजले होते, भिंगरी तिथे रांगली होती, धूळ दोघींच्या छातीत गेली असणार, म्हणून आम्हा दोघींना साठ दिवसांचं औषध. साठ का, तर ते बी छातीत गुपचूप झोपून राहू शकतं, आणि झोपलेल्याला औषध लागत नाही, तो जागा होईपर्यंत थांबावं लागतं. पुन्हा थांबणं. एका दुपारी भिंगरीला औषधाचा चमचा पाजताना मला एकदम कॉलेजातली प्रयोगशाळा आठवली. सूक्ष्मदर्शकाखाली निळ्या कांड्या, टोकाला टोक जोडून, बांबूसारख्या. मी त्यांची फार देखणी आकृती काढली होती. बाईंनी दहापैकी नऊ गुण दिले होते आणि म्हणाल्या होत्या, “हा तुम्हाला पुस्तकातच भेटेल.” ती आकृती काढताना मला मुळीच भीती वाटली नव्हती, पेन्सिलीला टोक नीट नव्हतं एवढीच चिंता होती. ज्याला भ्यायचं ते मी ओळखलं नाही, आणि बिटाला घाबरून दोन चपलांत धावले. यावर हसावं की काय करावं ते मला कळेना. मी चमचा धुतला.

औषध लागू पडलं, सूज उतरली, कॉलरचं बटण लागायला लागलं, पण ते काळं तसंच राहिलं. उलट अजून काळं झालं. मी विचारलं तेव्हा डॉक्टरीणबाई म्हणाल्या, ते तसंच असतं, आतले जंतू मेले तरी वरचं आपल्या वेळेनं गळतं, वाईट दिसतंय म्हणजे वाईट चाललंय असं नाही. माझ्यासारखीला हे फार अवघड. रोज सकाळी मी आधी भिंगरीची मान बघायचे, मग त्यांची. एक पांढरी, एक काळी. दोन्ही ठीक आहेत असं मनाला पटवायला सकाळचा अर्धा तास जायचा. नवऱ्यानं अंदाज विचारणं बंद केलं होतं. ते मला आवडेना. शेवटी एकदा मीच जिन्यावरून ओरडले, “आकाश निरभ्र, छत्री नको!” तो खालच्या पायरीवर थांबला, वळून बघितलं, आणि कामाला उशीर होत असताना परत वर येऊन माझ्या डोक्यावर टपली मारून गेला.

सासरे मात्र गप्प झाले होते. दुकान बंद, हाताला काम नाही, हे होतंच. पण दुसरंही होतं. आरोग्य खात्याच्या माणसानं सांगितलं होतं की त्या खुर्चीतले केस कच्चे असणार, पहिल्यांदा भरताना कुणी उकळलेच नसणार. नियम असा की कच्चे केस आधी उकळायचे. एकदा उकळून भरलेले केस पुन्हा उकळत नाहीत, त्यांचा ताठा जातो. म्हणून जुन्या खुर्चीतले केस सासऱ्यांनी कधीच उकळले नाहीत. चाळीस वर्षं. ज्यानं पहिल्यांदा भरली त्यानं उकळलेच असणार, या भरवशावर त्यांनी मान पुढे केली होती, आपली आणि नातीची. खिडकीत बसून ते एकदा म्हणाले, “गुरुजींनी असं करायला नको होतं.” मी त्या कारागिराला मनातून काय काय बोलून घेतलं होतं, ते सासऱ्यांना ऐकवण्यासारखं नव्हतं. कबुतरं उडाली, परत बसली. “घाई असेल त्याला,” ते म्हणाले. “घरी तान्हं पोर आजारी असेल. सरपण नसेल. काय सांगावं.” आणि मग, माझ्याकडे न बघता, “मी विचारायला हवं होतं गं. मान सांगते कोरडे का ओले. बाकीचं तिला कुठे ठाऊक?”

साठ दिवस संपले त्याच्या पुढच्या आठवड्यात दुकानावरचा कागद निघाला. सासऱ्यांनी एक भलंमोठं पातेलं आणलं, मागच्या अंगणात चूल मांडली, आणि आता सगळं उकळतात, नवं-जुनं न बघता. ताठा गेला तर गेला. गिऱ्हाइकाला सांगतात, “जरा मऊ बसेल, माझ्यासारखीच.” खपली त्याआधीच एका सकाळी उशीवर सापडली होती, सुकलेल्या पानासारखी हलकी. खाली गुलाबी, खोलगट, चकचकीत कातडी. आज मी नाश्त्याच्या बश्या विसळत होते आणि ते भिंगरीला खांद्यावर घेऊन खिडकीशी उभे होते. तिला आता सहा दात आहेत आणि ती बोटानं सगळं दाखवते. तिनं छप्पर दाखवलं, कबूतर दाखवलं, मग वळून आजोबांच्या मानेतला तो गुलाबी खळगा बघितला आणि त्यात नख घातलं.

“आई गं!” सासरे ओरडले. “अगं ए भवाने, दुखतंय ना!”

मी हात पुसले. भिंतीवरच्या घड्याळात सव्वानऊ झाले होते. बुधवार. पिवळं झबलं. वही काढून मी एवढंच लिहिलं, आणि पुढे कंस केला नाही.